आवाज नंतर टाकू

गोरक्षनाथ नजनच्या गाडीच्या मागच्या काचेवर सोनेरी अक्षरांत लिहिलंय, 'निर्माता-दिग्दर्शक'. पुढच्या काचेवर 'प्रेस'. आत बसलेला माणूस मात्र अजूनही लग्नाचं शूटिंग करणाराच आहे, हे मी त्याच्या ऑफिसात एडिटर म्हणून बसून रोज बघितलं. लोक मला म्हणतात, मोनिका, ज्याच्याकडे काम शिकलीस त्याच्याबद्दल असं बोलतेस? बोलते. मी शिकले ती त्याची घाण निस्तरताना शिकले. त्यासाठी त्याचे आभार मानायचे, तर कुलूप लावायची सवय लागली म्हणून चोरालाही हार घालायला हवा.

गोरक्षनाथ मूळचा शेवगाव तालुक्यातला. घरची जमीन बागायती, भाऊ राबणारे, आणि हा अंगाला माती लागू न देणारा. व्हिडिओ कॅसेटच्या काळात त्याने भावांच्या मागे लागून कॅमेरा घेतला आणि पंचक्रोशीतली लग्नं धरली. लग्नाच्या शूटिंगचा एक कायदा असतो, तो त्याने तेव्हा पाठ केला. लग्नातला खरा आवाज कोणालाच नको असतो. पोरांची रडारड, पंगतीतली भांडणं, बँडवाल्याचं खोकणं, सगळं काढून टाकायचं आणि वर सिनेमाची गाणी चढवायची. नवरी गुलाबाच्या फुलात, नवरदेव चंद्रावर. एका लग्नात नवरीने स्वतः जुळवलेला उखाणा घेतला, सगळा मांडव हसला, आणि कॅसेटमध्ये तिचे नुसते ओठ हलतायत आणि वर कुठल्यातरी हिरोइनचं रडकं गाणं. नवरीच्या आईने विचारलं तर म्हणाला, "उखाणा काय, नंतर टाकू की." ती नवरी आता सासू झाली असेल. उखाणा अजून टाकायचाच आहे.

त्या एका वाक्यावर या माणसाचं उभं करिअर झालं. आवाज नंतर टाकू.

लग्नांवरून तो नगरला आला आणि केबलवरच्या बातम्यांत शिरला. हातात चॅनेलचा माईक, म्हणजे बूम, आला की काही माणसांना आपण जिल्हाधिकारी झाल्यासारखं वाटतं, हा त्यातला. याच्या बातमीत पाऊस पडो, न पडो, माणूस रडलाच पाहिजे. प्रश्न एकच, "काय वाटतं?" समोरच्याच्या डोळ्यांत पाणी येईपर्यंत तोच. एकदा वीज पडून गोजरबाई नावाच्या म्हातारीच्या शेळ्या मेल्या. हा मेलेल्या शेळ्यांमध्ये उभा राहून तिला तीनदा विचारता झाला, "आजी, काय वाटतं?" शेवटी ती म्हणाली, "तुला काय वाटतं ते आदी सांग. शेळ्या माज्या हुत्या, तू कोन?" एवढा सोन्यासारखा तुकडा त्याने मला कापायला लावला, आणि म्हातारी पदराने नाक पुसते तेवढं दोन सेकंदांचं चित्र हळू करून, बासरी घालून दाखवलं.

पुढे तो माहितीपट काढायला लागला. म्हणजे कुणा चेअरमनचा वाढदिवस आला की त्याचं जीवनचरित्र. सगळ्या चरित्रांची सुरुवात एकाच सूर्योदयाने. तो सूर्य त्याने एकदाच कधीतरी ज्वारीच्या रानावर शूट केला होता, त्यावर जिल्ह्यातले निम्मे थोर पुरुष उगवले. जिल्ह्याचं नाव बदललं तेव्हा सगळ्या फिल्ममधलं 'अहमदनगर' काढून 'अहिल्यानगर' घालायचं होतं. निवेदन एका बाईच्या आवाजात होतं. बाईला परत बोलवायचा कंटाळा, म्हणून तो एकच शब्द याने स्वतः बोलून चिकटवला. त्यामुळे बाई गोड आवाजात बोलत असते आणि मधेच घोगरा पुरुष 'अहिल्यानगर' म्हणून ओरडून जातो. कुणाच्याही लक्षात आलं नाही, असं तो मला अभिमानाने सांगायचा. उथळ पाण्याला खळखळाट फार, आणि आमच्या जिल्ह्यात त्या खळखळाटाला शाल-श्रीफळही मिळतं.

अशा माणसाच्या दारात एक दिवस यशोधरा भिंगारदिवे आल्या.

केडगावात राहणारे उत्तमराव भिंगारदिवे हे त्यांचे वडील. नागापूरच्या एमआयडीसीत फाउंड्रीत आयुष्य गेलं, आणि सुट्टी मिळेल तेव्हा गायन पार्टी. जयंती असो, लग्न असो, मयतानंतरचं पुण्यानुमोदन असो, जिल्हाभरच्या वस्त्यांतून त्यांना बोलावणं यायचं. पेटी स्वतः वाजवायचे, गाणी स्वतः रचायचे, आणि कोरसला त्यांची बायको, भागिरथीबाई. मग डीजे आला आणि गायन पार्ट्या बसल्या. हातोहाती मोबाईल आले तोवर उत्तमरावांचं गाणं थांबलं होतं. जुन्या कॅसेटी होत्या त्यांना बुरशी खाऊन गेली. आणि आता घशाचा कॅन्सर निघाला होता. डॉक्टर म्हणाले, स्वरयंत्र काढावं लागेल. जीव वाचेल, पण श्वास मानेला पाडलेल्या भोकातून घ्यायचा, बोलणं-गाणं संपलं. तोपर्यंत घशाला ताण देऊ नका. उत्तमराव म्हणाले, एकदा गाईन, मग काय करायचं ते करा.

यशोधराताईंना एवढंच हवं होतं. दादांचं एक गाणं, दादांच्या आवाजात, नीट रेकॉर्ड व्हावं. 'उजेड मागाया न्हाई आलो, उजेड घिऊन आलोय रं.' त्या गाण्याशिवाय त्यांच्या वस्तीतली जयंतीची मिरवणूक हलायची नाही. सावेडीतल्या एका स्टुडिओत त्या चौकशीला निघाल्या होत्या, वाटेत आमचा बोर्ड दिसला म्हणून विचारायला वर आल्या. तिथेच घात झाला.

"स्टुडिओत कशाला ताई?" नजन खुर्चीतून उठला. "मी फिल्म करतो. नॅशनल लेव्हलची. हरवणारा सूर! मला एक रुपयासुद्धा देऊ नका." त्याचे डोळे चमकत होते. चेअरमन लोकांना कॅन्सर झाला तरी ते शूट करू देत नाहीत, इथे आयता मिळाला होता.

मी म्हटलं, "सर, आवाजाचा रेकॉर्डर वेगळा न्या. यांना आवाजच हवाय."

"हो हो," तो म्हणाला. ज्याअर्थी दोनदा हो म्हणाला त्याअर्थी ऐकलं नव्हतं.

शूटिंगला मला नेलं नाही. काय झालं ते कॅमेरामन ओमने मला सांगितलं, आणि उरलेलं मी चित्रात बघितलं. वस्तीत, घरात, अंगणात शूट करायचं सोडून हा त्या आजारी माणसाला गाडीत घालून डोंगरावरच्या चांदबिबीच्या महालावर घेऊन गेला. वर वारा असा की उभ्या माणसाची टोपी उडावी.

"मी हितं कदी गायलोच न्हाई," उत्तमराव म्हणाले. "वस्तीत गायलोय. वस्तीतच घ्या ना."

"दादा, वस्ती काय, कुठंही असते. फ्रेम मोठी पाहिजे."

भागिरथीबाई सवयीने त्यांच्या डाव्या हाताला जाऊन उभ्या राहिल्या. त्यांना बाजूला व्हायला सांगितलं. त्या म्हणाल्या, "मी कोरसला असते." तर हा म्हणाला, "एकटा माणूस दिसला पाहिजे आई. तुमचं नंतर घेऊ, रडतानाचं." यशोधराताईंनी मोबाईल काढला तर तो खाली ठेवायला लावला, का तर ड्रोनमध्ये मोबाईल धरलेली बाई दिसते. ओमने उत्तमरावांच्या कॉलरला छोटा माईक लावला होता. पांढऱ्या शर्टावर तो काळा ठिपका वाईट दिसतो, म्हणून याने स्वतःच्या हाताने काढून, बंद करून खिशात टाकला. कॅमेऱ्याचा आवाज त्या माईकवर लावलेला होता, म्हणजे कॅमेरा आता ठार बहिरा. ओमने तसं सांगितलंही. याने काय उत्तर दिलं ते सांगायला नको. तसाही ड्रोन डोक्यावर भुणभुणत होता, त्यात काय ऐकू येणार होतं!

उत्तमराव गायले. सगळं गाणं, दोन्ही कडव्यांसकट. मग हा म्हणाला, आता चालत चालत. परत गायले. मग म्हणाला, आता सूर्य बुडताना. तिसऱ्यांदा गायले, आणि शेवटच्या ओळीला खोकल्यावर हातरुमालाला रक्त लागलं. तो रुमाल याने जवळून शूट केला.

राग कशाचा येतो सांगू? क्रूरपणाचाही एवढा येत नाही. हा माणूस क्रूर नाहीच, तेवढी त्याची लायकी नाही. त्याला ऐकूच येत नाही, याचा येतो.

शूटिंगची कार्डं माझ्या हातात आली तेव्हा ऑपरेशन होऊन गेलेलं होतं. मधे एका चेअरमनचा वाढदिवस निघाला म्हणून ती कॅमेऱ्याच्या बॅगेत पडून राहिली होती. मी कॉम्प्युटरवर लावली. चित्र सुंदर होतं, खोटं कशाला बोलू. एडिटरला आवाज डोळ्यांनी दिसतो, चित्राखालच्या पट्टीत रेघ वर-खाली होते. इथे रेघ सुरुवातीपासून शेवटपर्यंत सपाट. आवाजाचं बटण मी पूर्ण वर नेलं. काही नाही. म्हातारा माणूस घसा फाडून गातोय, मानेच्या शिरा तट्ट फुगल्यात, आणि आवाज शून्य.

"सर, आवाज नाहीये."

"नंतर टाकू," मोबाईलमधून मान वर न करता तो म्हणाला.

"कुणाचा?"

तेव्हा कुठे त्याने वर बघितलं. क्षणभर, अगदी क्षणभर, त्याचा चेहरा उतरला. मग परत जागेवर आला. "अगं, सहादेव आहे ना ऑर्केस्ट्रातला. कसला गातो! यांच्यापेक्षा बरा गाईल. आणि त्याचा घसा शाबूत आहे."

"त्यांना गाणं नको होतं, सर. त्यांना वडिलांचा आवाज हवा होता."

"लोकांना काय हवं ते लोकांना कळत नसतं, मोनिका. म्हणून तर आपण आहोत."

दुसऱ्याच दिवशी त्याने बाहेर वाऱ्यात चालणारा भारी माईक मागवला. बैल गेला आणि झोपा केला. ऑफिसात आलेल्या प्रत्येकाला तो माईक हातात धरून दाखवायचा.

यशोधराताईंना मी कार्डं बघितली त्याच दिवशी फोन करून सगळं सांगितलं होतं.  त्या म्हणाल्या, "शुद्धीवर आल्यावर दादांनी पाटीवर पहिलं काय लिहिलं माहितीय? 'गाणं कसं आलं?' मी म्हटलं, झकास आलं दादा. आता मी त्यांना काय सांगू?"  

त्या ऑफिसात आल्या, भांडायला आल्या. नजनने चहा मागवला. "ताई, आधी कलाकृती बघा, मग बोला." त्या म्हणाल्या, माझ्या वडिलांच्या तोंडी दुसऱ्याचा आवाज घालायचा नाही, फिल्म दाखवायची नाही. तो हसला. फ्लेक्स छापून झाले होते, प्रमुख पाहुणे ठरले होते, आणि निमंत्रणपत्रिका तो सकाळीच स्वतः केडगावला जाऊन उत्तमरावांच्या हातात देऊन आला होता. म्हाताऱ्याने पत्रिकेवरचा स्वतःचा फोटो बघून हात जोडले होते. आता त्यांना नका येऊ म्हणायचं, तर का ते सांगावं लागणार. ताईंना ते जमलं नाही. मलाही जमलं नसतं.

कार्यक्रमाला सभागृह भरलं. पुढच्या रांगेत चेअरमन आणि त्यांची माणसं, त्यामागे उत्तमराव, गळ्याला पांढरं फडकं, एका बाजूला भागिरथीबाई, दुसऱ्या बाजूला यशोधराताई. वस्तीतल्या बाया-माणसं मागे. मी कडेच्या टेबलावर होते, फिल्म लावायला आणि कार्यक्रमाचा आवाज रेकॉर्ड करायला. तो भारी माईक स्टेजवर होता आणि त्याची वायर माझ्या रेकॉर्डरला. मी तीनदा तपासली होती.

अंधार झाला. तोच सूर्य उगवला. बासरी वाजली. मग पडद्यावर उत्तमराव, मागे डोंगर, वारा, आणि त्यांचे ओठ हलले. आवाज आला सहादेवचा. घासून पुसून चकचकीत, मधेमधे हरकती. सहादेव शिकलेला गायक, त्याने शब्दही इस्त्री करून घेतले होते. 'उजेड मागायला नाही आलो, उजेड घेऊन आलोय रे.'

शांत सभागृहात भागिरथीबाईंचा आवाज स्पष्ट आला. "ह्यो कोन गातोय?"

कुणीतरी शूऽऽ केलं.

"यशे, ह्यो कोन हाय? 'घेऊन' म्हनतोय बग. तुजा दादा कदी 'घेऊन' म्हनला व्हय?"

यशोधराताई आईच्या बाजूला वाकल्या, पण मधे उत्तमराव होते. हळू बोलल्या तरी त्यांना ऐकू जाणारच. "आई, दादांचा आवाज आलाच न्हाई. माईक बंद हुता." पडद्याच्या उजेडात मला उत्तमरावांचा चेहरा दिसत होता. त्यांनी मुलीकडे बघितलं नाही. पडद्यावरच्या स्वतःच्या तोंडाकडे बघत राहिले, आणि हात गळ्यावरच्या फडक्याला गेला.

दिवे लागले. टाळ्या झाल्या, चेअरमन डोळे पुसत होते. नजन स्टेजवर चढला आणि या फिल्मसाठी आपण किती सोसलं ते सांगू लागला. मग उत्तमरावांना वर बोलावलं, शाल, नारळ, फोटो. आणि मग आयुष्यभरच्या सवयीने, समोर सत्कारमूर्ती दिसली की जे तोंडातून निघतं ते निघालं. माईक त्यांच्यापुढे धरून तो म्हणाला, "दादा, दोन शब्द बोला."

 मागे कुणीतरी घाबरून हसलं. नजनला कळलं, पण हात पुढे गेला होता आणि हसू चेहऱ्यावर तसंच चिकटून राहिलं होतं.

उत्तमरावांनी माईक घेतला. दुसऱ्या हाताने गळ्यावरचं फडकं बाजूला केलं आणि माईक त्या भोकाला लावला. स्पीकरमधून श्वास आला. मोठा, ओला, खरखरीत. पुढच्या रांगेतल्या एका बाईने तोंड फिरवलं. परत श्वास आला, आखूड, मग परत आखूड, मग लांब. त्यांचा पाय फळीवर ठेका धरत होता. ओठ हलत होते, आणि ते मुके ओठ मी कॉम्प्युटरवर शेकडो वेळा पुढे-मागे करून बघितले होते, मला कळायला वेळ लागला नाही. ते गात होते. पहिली ओळ पूर्ण झाली आणि ते थांबले, कारण दुसरी ओळ कोरसची.

भागिरथीबाई खुर्चीतून उठल्या. "उजेड घिऊन आलोय रं," त्यांनी चालत चालतच आवाज लावला, फाटका, उंच. तोवर त्या स्टेजच्या पायऱ्या चढून डाव्या हाताला जाऊन उभ्याही राहिल्या होत्या. एक ओळ श्वासाची, एक ओळ त्यांची. मागून वस्तीतल्या बायांनी धरलं. कडवं संपल्यावर त्या वाकून माईकमध्ये बोलल्या, "गात हुते तवा तुमचा माईक बंद. आता वाचा गेली तर म्हनता दोन शब्द बोला. लाजा वाटू द्या." आणि नवऱ्याचा दंड धरून खाली उतरल्या.

दुसऱ्या कुणाला तोंड लपवायला जागा पुरली नसती. नजन पळत माझ्या टेबलाशी आला. चेहरा नुसता उजळला होता. "मोनिका! घेतलंस ना? आवाज आला ना? अगं, फिल्मचा शेवट मिळाला! असा शेवट कुणाला मिळत नाही!"

मी रेकॉर्डरमधून कार्ड काढून मुठीत धरलं होतं. "नाही आला," मी म्हटलं. "वायर सुटली होती."

त्याने कपाळाला हात लावला. त्याच्या डोळ्यांत खरं पाणी मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. एवढा जीव तळमळला बिचाऱ्याचा!

दुसऱ्या दिवशी मी काम सोडलं. फिल्मला कुठल्यातरी संस्थेचा राज्यस्तरीय पुरस्कार मिळाला, सहादेवच्या आवाजासकट. 'उत्तमरावांचा आवाज मी अजरामर केला,' असं तो आता भाषणात सांगतो आणि लोक टाळ्या वाजवतात.

कार्यक्रमानंतरच्या रविवारीच मी लॅपटॉप आणि ते कार्ड घेऊन केडगावला गेले. यशोधराताईंनी दार लावून घेतलं, पंखा बंद केला. मी लावलं. उत्तमराव डोळे मिटून ऐकत होते, स्वतःचा श्वास, बायकोचा आवाज, परत श्वास. संपल्यावर त्यांनी पाटी ओढली, काहीतरी लिहिलं आणि भागिरथीबाईंच्या पुढे सरकवली. 'दुसऱ्या ओळीला चढलीस.'

"मंग तुमी सूर द्यायचा हुता," त्या फणकाऱ्याने म्हणाल्या, जशा उभ्या जन्मात म्हणत आल्या असतील. आणि म्हणून झाल्यावर त्यांनी पदर तोंडाला लावला.

उत्तमरावांनी पाटी पुसली, आणि मला बोटाने खूण केली, परत लाव.